भीतीचा सूत्रधार



व्याख्यानमालेच्या चालकांनी मला विषय विचारला, तेव्हा मी किमान वेतनावर किंवा कंत्राटी कामगारांवर बोलेन अशी त्यांची अपेक्षा होती. तीस वर्षे युनियनचे काम केलेल्या माणसाकडून दुसरी कसली अपेक्षा करावयाची? मी मात्र विषय सांगितला तो एका खेळाचा, आणि तोही माणसांना मुद्दाम घाबरविण्याच्या खेळाचा. चालक क्षणभर गप्प राहिले आणि मग भिडेखातर ‘बरे’ म्हणाले. या गप्प राहण्याविषयी मला पुढे बोलावयाचे आहे, म्हणून ते आताच नोंदवून ठेवतो.

मी विद्वान नाही. नववीत शाळा सुटली. इंग्रजी शिकलो ते औद्योगिक विवाद कायद्याचे पुस्तक एका हाती आणि कोश दुसऱ्या हाती धरून. चार वर्षांपूर्वी माझ्या भाचीने एक जाडजूड इंग्रजी पुस्तक माझ्यापुढे टाकले तेही मी तसेच वाचले. ती म्हणाली, “मामा, आम्ही पाचजण आहोत, पण खेळ चालवायला कोणी नाही. तुमचा आवाज आहे, सभा धरून ठेवता येते. तुम्हीच चालवा.”

हा खेळ कसा असतो ते प्रथम सांगतो. चारपाच माणसे टेबलाभोवती बसतात. प्रत्येकाने एकेक सोंग घेतलेले असते: कोणी वार्ताहर, कोणी ग्रंथपाल, कोणी डॉक्टर. त्या सोंगाचे बळ, ज्ञान, कसब हे आकड्यांत कागदावर मांडलेले असते. एक माणूस मात्र सोंग घेत नाही. तो प्रसंग सांगतो, बाकीची सारी पात्रे बोलतो, आणि गोष्टीतले रहस्य एकट्यालाच ठाऊक असते. “तुम्ही जिना उतरता. खाली अंधार आहे. काय करता?” असे तो विचारतो. खेळाडू उत्तर देतात. ते साधेल की नाही अशी शंका असली तर फासे टाकतात. पट नाही, सोंगट्या नाहीत, आणि हारजीतही नाही. इंग्रजीत या माणसाला निरनिराळी नावे आहेत. आपल्याकडे त्याला नेमका शब्द नाटकवाल्यांनी तयारच ठेवला आहे, तो म्हणजे सूत्रधार.

हा सूत्रधार आला कोठून? तो आला लष्करातून. प्रशियामध्ये फॉन राइसविट्झ नावाच्या गृहस्थाने युद्धाचा एक खेळ रचला आणि १८१२ साली राजा फ्रीडरिख विल्हेल्म तिसरा याला सादर केला. त्याचा मुलगा तोफखान्यातील अधिकारी होता. त्याने तो खेळ सुधारून १८२४ मध्ये त्याचे नियम छापले. या खेळात दोन्ही बाजूंचे अधिकारी आपापले हुकूम कागदावर लिहून पंचाकडे देत. नकाशावरचे ठोकळे पंच हलवी, आणि ज्या सैन्याला जेवढे दिसणे शक्य, तेवढेच त्या बाजूला दाखवी. बुद्धिबळात दोघांनाही सारा पट दिसतो. येथे सारा पट दिसे तो एकट्या पंचाला. पुढे सहा महिन्यांच्या नव्हे, पन्नास वर्षांच्या अनुभवाने लष्करी मंडळी नियमांच्या जंजाळाला कंटाळली, आणि १८७६ मध्ये व्हेर्डी द्यु व्हेर्नुआ या प्रशियन अधिकाऱ्याने सुचविले की नियम व फासे बाजूला ठेवा आणि निवाडा अनुभवी पंचावर सोपवा. खेळ सुटसुटीत झाला हे खरे. पण आता पंच म्हणेल तोच कायदा.

युनियनवाल्याचे कान येथे टवकारले तर आश्चर्य नाही. ज्याला सारे ठाऊक आहे आणि ज्याच्या शब्दावर अपील नाही, अशा माणसाला आम्ही कारखान्यात चांगले ओळखतो. या खेळाचा पुढचा सारा इतिहास मी या एकाच प्रश्नाच्या अंगाने वाचला: पंचाच्या या सत्तेला लगाम कोणी, केव्हा आणि कसा घातला?

यानंतर आपणांस अमेरिकेत जावे लागेल. तेथे चार्ल्स टॉटन याने १८८० मध्ये युद्धखेळावर एक पुस्तक लिहिले होते. मिनेसोटातील डेव्हिड वेझली या तरुणाच्या हाती ते कित्येक वर्षांनी पडले. १९६९ मध्ये त्याने मित्रांसाठी ब्राउनश्टाइन नावाच्या एका काल्पनिक जर्मन गावाचा खेळ रचला, आणि पलटणींखेरीज गावातील माणसांची सोंगेही खेळाडूंना वाटून दिली. खेळाडू त्याला न जुमानता कोपऱ्याकोपऱ्यांत जाऊन आपसांत मसलती करू लागले. वेझलीला वाटले की आपला खेळ पुरता फसला. मित्र मात्र म्हणाले, पुन्हा केव्हा? त्या मंडळींतील डेव्ह आर्नेसन याने १९७१ च्या सुमारास तीच कल्पना राजवाडे, तळघरे व राक्षस यांच्या जगात नेली. विस्कॉन्सिन राज्यातील लेक जिनिव्हा या गावच्या गॅरी गायगॅक्सने तिला नियमांचे रूप दिले, आणि १९७४ मध्ये ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ या नावाने तो खेळ विक्रीस आला. पहिली आवृत्ती अवघी हजार प्रतींची होती.

या खेळात राक्षस होते, भुतेही होती, पण भय फारसे नव्हते. कारण उघड आहे. खेळाडूचे पात्र दिवसेंदिवस बलवान होत जाई. आज उंदीर मारला, उद्या लांडगा, परवा राक्षस. ज्याच्या हाती तलवार आहे आणि जी उद्या अधिक धारदार होणार आहे, त्याला भय कसले?

भयाचा खेळ खऱ्या अर्थाने जन्मला १९८१ मध्ये. कॅलिफोर्नियातील केऑसियम या प्रकाशनसंस्थेने सँडी पीटरसन या तरुणाकडून ‘कॉल ऑफ कथुलू’ हा खेळ लिहवून घेतला. त्याचा आधार होता एच. पी. लव्हक्राफ्ट या लेखकाच्या कथांचा. लव्हक्राफ्ट १८९० मध्ये ऱ्होड आयलंडमधील प्रॉव्हिडन्स शहरी जन्मला आणि १९३७ मध्ये तेथेच दारिद्र्यात वारला. मानवाहून कितीतरी पुरातन अशा प्रचंड शक्ती विश्वात आहेत, त्यांना आपली दखलही नाही, आणि त्यांचे खरे स्वरूप ज्याला कळले त्याचे डोके ठिकाणावर राहत नाही, अशा त्याच्या गोष्टी. आमच्या वाचनालयात नारायण धारपांची पुस्तके रांग लावून वाचणाऱ्या पिढीतला मी. मला ही वाट अगदीच अनोळखी वाटली नाही.

पीटरसनने केलेली युक्ती साधी आणि खोल आहे. शरीराच्या बळाला आकडा होताच. त्याने मनालाही आकडा दिला. त्याला मी ‘भान’ म्हणतो. प्रत्येक पात्राजवळ भानाचे काही गुण असतात. प्रेत दिसले, अघटित काही दिसले, की शंभराचे फासे टाकावयाचे. दान भानाच्या आकड्याच्या आत पडले तर थोडक्यात सुटका, बाहेर पडले तर मोठी घट. एका फटक्यात पाच किंवा अधिक गुण गेले तर तात्पुरता भ्रम होण्याचा संभव. शून्य झाले की पात्र कायमचे भ्रमिष्ट होते, आणि खेळाडूच्या हातून निघून सूत्रधाराच्या हाती जाते. प्रत्यक्ष कथुलू दिसला आणि दान चुकले, तर एक ते शंभर यांतले कितीही गुण जाऊ शकतात.

याहूनही मला थक्क केले ते दुसऱ्या नियमाने. त्या पुरातन शक्तींविषयीचे ज्ञान जसजसे वाढते, तसतशी भानाची कमाल मर्यादा तेवढ्याच गुणांनी खाली येते. रहस्य उलगडायचे तर जुने ग्रंथ वाचलेच पाहिजेत, आणि वाचले की मन कमकुवत होणार. पहिल्या खेळात बलवान होत जाणारा माणूस या खेळात जाणता होत जातो आणि त्याची किंमत मोजतो. खेळ सुरू होताच खेळाडू आपण होऊन म्हणू लागतात, “मी डोळे मिटून घेतो,” “मी मागे वळून पाहत नाही.” राक्षस दिसताच तलवार उपसणारी हीच मंडळी! नियम बदलला आणि माणसाचे वागणे बदलले. कायद्याच्या चळवळीत आयुष्य घालविलेल्या माझ्यासारख्याला याहून गोड पुरावा कोणता?

लगामाच्या दृष्टीने पाहिले तर येथे पहिली पायरी पडली. किती घाबरावयाचे हे एकटा सूत्रधार ठरवीत नाही, ते कागदावरचा आकडा आणि फासे ठरवितात. २०१४ च्या सातव्या आवृत्तीने आणखी एक पायरी चढविली. दान चुकले तर खेळाडूला पुन्हा एकदा प्रयत्न करता येतो, मात्र त्याने काय निराळे करतो ते सांगावयाचे, आणि हेही दान चुकले तर काय ओढवेल याची कल्पना सूत्रधार त्याला आधी देऊ शकतो. संकट तेच असते, परंतु त्यात पाऊल टाकणारा समजूनउमजून टाकतो.

लव्हक्राफ्टविषयी एक गोष्ट लपविणे अप्रामाणिकपणाचे होईल. हा लेखक कट्टर वंशद्वेष्टा होता. १९२७ मध्ये छापलेल्या ‘द हॉरर ॲट रेड हुक’ या कथेत त्याला भयंकर वाटतात ते ब्रुकलिनच्या गोदीजवळ राहणारे परदेशी गरीब लोक. ते वाचताना, आमच्या चाळींकडे नाक मुरडून पाहणारे चेहरे मला आठवले. परंतु खेळाचे एक भाग्य असे की तो खेळणाऱ्यांच्या हाती असतो. ख्रिस स्पायव्ही यांनी २०१७ मध्ये ‘हार्लेम अनबाउंड’ हे पुस्तक काढले आणि १९२० च्या दशकातील हार्लेमची काळी माणसेच त्यात नायक झाली. ज्यांना लेखकाने भुतांच्या पंक्तीला बसविले होते, तीच माणसे टेबलाशी येऊन बसली.

आता घाबरविण्याच्या कारागिरीविषयी थोडेसे, कारण ऐकणाऱ्यांपैकी कोणा तरुणाला हा खेळ चालवावासा वाटेल. पहिली गोष्ट, भूत लवकर दाखवू नये. दाराबाहेरचा आवाज भयंकर असतो. दार उघडून चार हात आणि सहा डोळे मोजून सांगितले की त्याचा हिशेब होतो, आणि हिशेब झालेल्या वस्तूचे भय उरत नाही. दुसरी गोष्ट, आरंभ रोजच्या जगण्यातून करावा. चहा, भाड्याची खोली, घरमालकाची कटकट हे खरे वाटले, तरच पुढे भिंतीतून येणारी कुजबुज खरी वाटते. तिसरी, लोक हसले तर रागावू नये. माणूस ताण सोडण्यासाठी हसतो. त्याला हसू द्यावे आणि मग सावकाश पुढे जावे. चौथी, गोष्ट पुढे जाण्यास जो धागा अवश्य आहे तो फाशांवर सोडू नये. दान चुकले म्हणून चिठ्ठी सापडली नाही आणि सारी मंडळी रात्रभर खोलीतच बसून राहिली, असे माझ्या पहिल्याच खेळात झाले. रॉबिन लॉज यांनी २००६ पासून आपल्या खेळांत हाच दोष काढून टाकला: जो तपासतो त्याला आवश्यक धागा मिळालाच पाहिजे, प्रश्न आहे तो त्याचे पुढे काय करावयाचे एवढाच.

काहींनी तर फासेही टाकून दिले. एपिडाया रॅव्हेचॉल यांच्या २००५ च्या ‘ड्रेड’ या खेळात टेबलावर लाकडी ठोकळ्यांचा मनोरा असतो. धोक्याचे काम करावयाचे तर एक ठोकळा ओढून वर ठेवावयाचा. ज्याच्या हातून मनोरा कोसळला त्याचे पात्र संपले. स्टीफन ड्यूई यांच्या २०१५ च्या ‘टेन कँडल्स’मध्ये दहा मेणबत्त्यांच्या उजेडात खेळतात. एकेक विझत जाते, आणि शेवटच्या अंधारात कोणीही वाचत नाही, हे सर्वांना आरंभापासून ठाऊक असते. ठाऊक असूनही हात थरथरतात. म्हणजे भयाला फसवणूक लागते असे नाही.

या खेळांचे भय समाजालाही वाटले होते. १९७९ मध्ये मिशिगनमधील एक विद्यार्थी नाहीसा झाला, आणि वर्तमानपत्रांनी खेळाच्या नादाने तो भुयारात हरवला असे छापले. खरे कारण त्या मुलाच्या मनाचे दुःख होते, खेळ नव्हे. पण बोभाटा वर्षानुवर्षे टिकला. १९८३ मध्ये या खेळांविरुद्ध अमेरिकेत एक संघटनाच उभी राहिली. या आरोपात तथ्य नव्हते. तरीही त्यामुळे एक हानी झाली असे माझे मत आहे. बाहेरून खोटा आरोप होत असला की आतल्या खऱ्या दोषाविषयी बोलणे अवघड होते. युनियनमध्ये हे मी अनेकदा पाहिले आहे. तो खरा दोष कोणता, हे मला पुस्तकाने शिकविले नाही. माझ्याच चुकीने शिकविले.

तिसऱ्या की चौथ्या रविवारची गोष्ट. मी स्वतः रचलेला प्रसंग चालवीत होतो: रात्रपाळी, ओसाड प्रेसखाते, कोणीही चालवीत नसता खालीवर होणारे पॉवर प्रेस. आवाज कसा येतो, तेलाचा वास कसा येतो, हे मला शिकवावे लागत नाही. मी रंगात आलो आणि डायखाली पडलेल्या हातमोज्याचे वर्णन केले. त्यात बोटे होती. टेबलाशी बसलेल्या पोरांत एक मुलगा असा होता की ज्याच्या वडिलांची तीन बोटे प्रेसखाली गेली होती. मला ते ठाऊक नव्हते असे नाही. त्यांच्या भरपाईचा अर्ज मीच लिहिला होता. खरे सांगावयाचे तर हातमोज्याचा तपशील त्या अर्जातूनच माझ्या जिभेवर आला होता.

मुलगा काही बोलला नाही. थोडा हसलाही. मी समजलो की खेळ रंगला. पुढच्या रविवारी तो आला नाही, त्याच्या पुढच्याही नाही. मी त्याच्या घरी गेलो. वडील बाहेर होते. मी म्हटले, “अरे, नको होते तर त्याच वेळी सांगायचे होतेस.” तो म्हणाला, “मामा, तुम्हाला कसं सांगणार? सगळे ऐकत होते.”

मौनं संमतिलक्षणम् असे आपण म्हणतो. तीस वर्षे गेटसभेत मी मालकांना उलट बजावत आलो होतो की कामगार गप्प आहे याचा अर्थ त्याला मान्य आहे असा नव्हे. आणि माझ्या घरच्या टेबलाशी, पोरांच्या आदराचा फायदा घेऊन, मी तेच गप्प राहणे संमती म्हणून खिशात घातले होते.

घरी येऊन मी शोध घेतला तेव्हा कळले की ही चूक पुष्कळांनी केली होती, आणि त्यावर उपायही निघाले होते. रॉन एडवर्ड्स यांनी २००३ मध्ये रेषा व पडदे असा भेद मांडला. रेषा म्हणजे ज्या विषयात आपल्या टेबलावर जावयाचेच नाही; पडदा म्हणजे जे गोष्टीत घडेल पण दाखविले जाणार नाही. हे खेळ सुरू होण्यापूर्वी सर्वांनी मिळून ठरवावयाचे. दुसरा उपाय जॉन स्टॅव्ह्रोपोलस यांचा, २०१३ च्या सुमाराचा. फुली काढलेला एक कागद टेबलाच्या मध्यभागी ठेवावयाचा. कोणालाही काही नकोसे झाले की त्याने त्याला बोट लावावयाचे. तो भाग तेथेच गळतो आणि खेळ पुढे चालतो. ‘का’ असे विचारावयाचे नाही. २०१९ मध्ये शॉन रेनल्ड्स व शॅना जर्मेन यांनी या संमतीवर एक छोटी पुस्तिकाच लिहिली आणि ती विनामूल्य वाटली गेली.

प्रथम वाचले तेव्हा मीही नाक मुरडले. थांबविता येणारी भीती ती भीती कसली? मग प्रेसखातेच आठवले. प्रत्येक प्रेसवर थांबविण्याचे लाल बटण असते. ते असूनही कामगार दाबीत नाही, कारण दाबले की मुकादम येऊन विचारतो, “का थांबवलंस? उत्पादन कोण देणार?” एका कारखान्यात आम्ही सहा महिने भांडलो ते नव्या बटणासाठी नव्हे. बटण दाबणाऱ्याला जाब विचारावयाचा नाही, एवढ्या एका वाक्यासाठी भांडलो. ते वाक्य करारात आले, आणि बटण खरे झाले. फुलीच्या कागदाचा प्राणही त्याच वाक्यात आहे.

आणि भय कमी होते म्हणाल, तर जत्रेतला पाळणा आठवा. वर गेल्यावर आपण जीव खाऊन ओरडतो, कारण खाली पाळणेवाला उभा आहे आणि तो थांबवील याची खात्री आहे. ती खात्री नसती तर आपण ओरडलो नसतो. दांडा घट्ट धरून गप्प बसलो असतो. त्या मुलासारखे.

मी त्याच्याकडे पुन्हा गेलो आणि क्षमा मागितली. पोस्टकार्डाचा तुकडा कापून त्यावर लाल पेन्सिलीने फुली काढली होती, ती दाखविली. दोन रविवारांनी तो आला. त्या दिवशी सर्वात आधी बोट लावले ते मी, मुद्दाम, अगदी क्षुल्लक जागी. थोरल्यानेही ते लावावयाचे असते हे पोरांना दिसावे म्हणून. पुढे एकदा त्याने लावले. मी वाक्य अर्धे सोडले, प्रसंग वळविला, आणि कोणी कोणाकडे पाहिलेही नाही. त्या रात्रीचा खेळ फार रंगला. शेवटी घरी जाताना सारे एकमेकांना सोबत मागत होते!

दोनशे वर्षांपूर्वी पंचाला सारा पट दिसत होता आणि खेळाडूंना तो दाखवील तेवढाच. आजही सूत्रधाराला रहस्य ठाऊक असते, आणि असावेच, नाहीतर खेळ कसला? परंतु समोर बसलेल्या माणसाच्या मनात काय आहे, हा पटाचा भाग त्याला कधीच दिसत नाही. तो दाखविण्याचे साधन खेळाडूच्या हाती द्यावे लागते. कोणी घरी हा खेळ मांडणार असेल, तर मेणबत्त्या, आवाज, भुते हे सारे मागाहून जुळवा. आधी तो कागद टेबलावर ठेवा, आणि ज्याचे वय व मान सर्वांत मोठा, त्याने पहिल्यांदा त्याला बोट लावावे.

आपण शांतपणे ऐकून घेतलेत. हे गप्प राहणे मी संमती समजत नाही. प्रश्न असतील त्यांनी अवश्य विचारावेत. इतके बोलून मी रजा घेतो.